विक्राळरावांची बदली

टॉकीज बंद पडली आणि सिनेमातल्या परग्रहावरच्या राक्षसाची, म्हणजे विक्राळरावांची, व्हिडिओ गेममध्ये बदली झाली. हुद्दा तोच, काम तेच. अवकाशयानाच्या कोठीखोलीत दाराआड उभं राहायचं आणि दार उघडणाऱ्याला गिळायचं.

सिनेमात हे काम सुखाचं होतं. यानातला इंजिनिअर प्रत्येक खेळाला दाराशी यायचा. प्रेक्षक घसा फोडून ओरडायचे, "अरे मेल्या, उघडू नकोस!" तो उघडायचाच. बिचाऱ्याच्या हातात काही नव्हतं आणि प्रेक्षकांच्याही. त्या आरडाओरड्यावर विक्राळरावांनी चांगलं अंग धरलं होतं.

गेममध्ये मात्र दार खेळणाऱ्यानेच उघडायचं होतं. खेळायच्या डॉ. सुमेधा केळुसकर, दातांच्या डॉक्टर, दुपारी पेशंट नसले की. त्या दारापर्यंत येत, कान लावत आणि गुपचूप मागे फिरत. शहाण्या बाईपुढे राक्षसाने तरी काय करावं?

"साहेब, तिथे लोक घाबरायचे, पण खुर्चीला खिळून राहायचे. इथे घाबरतात आणि निघून जातात," विक्राळरावांनी वरिष्ठांकडे गाऱ्हाणं नेलं.

"तिथे दुसऱ्याचा जीव जायचा, इथे स्वतःचा जातो. माणूस जपणारच," साहेब म्हणाले. "पण महिनाअखेरीपर्यंत दाराशी एक तरी किंकाळी नोंदली गेली पाहिजे. नाहीतर टूथपेस्टच्या जाहिरातीत कीड म्हणून जावं लागेल."



महिन्याच्या शेवटच्या दिवशी डॉक्टरांनी एकदाचा कडीला हात घातला. तेवढ्यात पेशंट आला. उठता उठता त्या दाराकडे पाहून सवयीने म्हणाल्या, "येते हं."

विक्राळरावांनी आ वासला. जबडा दुखायला लागला, तरी कोणी आलं नाही.

"अहो, येते म्हणजे जाते," साहेबांनी समजावलं.

"मग जाते म्हणावं की!"

"जाते म्हणू नये. अशुभ असतं."

इतक्या वर्षांत कोणी येणारच नाही अशी धास्ती विक्राळरावांना कधी वाटली नव्हती. शेवटी त्यांनी स्वतःच दार उघडलं. बाहेर लांबच लांब अंधारा बोळ, आणि चिटपाखरूही नाही. त्यांनी अशी किंकाळी फोडली की दवाखान्यातला स्पीकर थरथरला.

साहेबांनी नियम काढून पाहिला. किंकाळी कोणाची असावी, हे त्यात म्हटलेलं नव्हतं. विक्राळराव नोकरीत कायम झाले.

पलीकडून, पेशंटच्या तोंडात आरसा धरूनच, डॉक्टर ओरडल्या, "आले, आले! दोनच मिनिटं!"

विक्राळराव लगबगीने दाराआड गेले आणि आ वासून उभे राहिले.