लिमयांचं पाण्यावरचं विमान

लिमये आमच्याकडे आले की बूट काढायच्या आधी मेधाला, म्हणजे माझ्या बायकोला विचारायचे, "वहिनी, परात मोकळी आहे का?" परातीत काठोकाठ पाणी भरलं की पिशवीतून एक लाकडी विमान काढून त्यात सोडायचे. तरंगलं तर चहा घ्यायचे. एका बाजूला कललं तर चहा तसाच टाकून घरी. रविवारी आमच्या पोळ्यांना उशीर व्हायचा तो यामुळे.

दोन हजार पाच-सहाचा सुमार. आम्ही दोघंही हॉलंडमध्ये आइंडहोवनला चिप बनवायच्या यंत्रांवर काम करायचो. बाकीचे मराठी लोक सुट्टीत पॅरिस उरकून यायचे, लिमये पहिल्या महायुद्धातली जर्मन लढाऊ विमानं कोरत बसायचे. तीही साधी नाहीत, चाकांऐवजी खाली दोन होड्या असलेली, समुद्रावर उतरणारी. "जमिनीवरून काय, कोणीही उडेल," ते म्हणत, "पाण्यावरून उठायचं म्हणजे खायचं काम नाही!" यातली काही विमानं बिघडून इथल्याच किनाऱ्याला लागली आणि डचांनी ती ठेवूनच घेतली, हे तर ते असं सांगायचे, जणू स्वतः दोर धरून उभे होते.

गणपतीत त्यांनी कहर केला. आमचं मराठी मंडळ हॉलमध्येच एका मोठ्या टबात विसर्जन करायचं आणि टब आणायचं काम लिमयांकडे होतं. आरती आटोपून मूर्ती घेऊन जातो तो टबात विमान!

"दोनच मिनिटं हो. एवढं पाणी मला पुन्हा कुठे मिळणार?"

"लिमये, आधी बाप्पा, मग जर्मनी!" अध्यक्षीणबाई कडाडल्या.

सगळे हसले. सुधाताई मात्र हसल्या नाहीत. त्या लिमयांच्या पत्नी. पुण्यात कॉलेजात शिकवत होत्या, ते सोडून नवऱ्यामागे इथे आल्या. डच शिकल्या, सायकल शिकल्या, पण मनासारखं काम काही मिळालं नाही. "पुढच्या वर्षी परत जाऊ," असं लिमये त्यांना दर वर्षी सांगत. शेवटी भाचीच्या लग्नाला म्हणून त्या एकट्याच गेल्या आणि लग्न होऊन कितीतरी महिने झाले तरी आल्या नाहीत. लिमये दर शनिवारी फोन करायचे. अख्खं कॉलिंग कार्ड विमानाच्या पंखांवर संपायचं, हे मी स्वतः ऐकलं आहे. बाई परत येतात की नाही, याची काळजी त्यांच्यापेक्षा आम्हालाच जास्त, असं वाटायचं.

एका रविवारी त्यांनी नवीन विमान आणलं. शेपटीचं उभं पातं वर असायचं ते खाली.

"उलटं बसवलंत की काय?" मी विचारलं.

"छे! मागच्या माणसासाठी आहे ते. हा पुढे वैमानिक. हा त्याच्याकडे पाठ करून बसलेला बंदूकवाला. त्याला मागचं नीट दिसावं, शेपूट आड येऊ नये, म्हणून सगळं खाली काढलंय." मग त्यांनी विमान फिरवून शेपटीकडून पाहिलं. "बघा, लढाईच्या धामधुमीतसुद्धा कोणीतरी विचार केला हो, की मागे बसवलेल्याला काय दिसत असेल."

मेधा आतल्या खोलीत सुधाताईंशीच फोनवर बोलत होती. ती बाहेर आली आणि तिने फोन लिमयांपुढे धरला.

"हॅलो. हो, आता सोडणारच होतो पाण्यात," म्हणाले आणि थांबले. मग एकदम खालच्या आवाजात, "सुधा, तुला तिकडे बरं वाटतंय का गं?"

पुढे ते बोललेच नाहीत. नुसते "हं... हं..." करत राहिले. लिमयांना इतका वेळ ऐकताना मी कधी पाहिलं नव्हतं. मला फार वाईट वाटलं, त्यांच्याकडे बघवेना.

फोन ठेवल्यावर मेधाने हळूच विचारलं, "काय म्हणाल्या?"

"नाही येत म्हणाली." त्यांनी विमान पिशवीत ठेवलं. "दर शनिवारी मी हेच सांगत होते, म्हणाली."