तळ्यात उभ्या मोरानेची हकीकत

प्रथम श्रीहरीचे नाम, त्यामागे गुरूंचे, त्यामागे ऐकणारांचे; मग हकीकत लिहिली जाते. शके सोळाशे एक्कावन्न, सौम्य नाम संवत्सरे, चैत्रमासी, पश्चिमेस दूर चेक लोकांचे मुलुखी एका लहानशा गावी वर्तमान जाहले ते ऐसे. गावाचे नाव लिहीत नाही. नाव घेतलियास मागे कोणी उभे राहते, ऐसे तेथील वृद्ध म्हणतात. गाव डोंगराचे कुशीत, उत्तरेस देवदाराचे रान, आणि पश्चिमेकडोन ओढा येऊन लाकडी पुलाखालून पुढील गावी जात असे. गतवर्षी सरदारसाहेबी माशांची हौस धरोन गावचे मधोमध तळे खणविले आणि पुलापाशी ओढा फोडोन कालवा तळ्यात सोडिला, आणि रयत मासे मिळतील म्हणोन संतोष पावली. आता तेथील चाल ऐसी की, हिवाळा सरला म्हणजे पेंढ्याची बाई करावी, तीस मोराना म्हणावे, मोराना म्हणजे मरण, आणि आजाऱ्याचे वस्त्र तीस घालावे, गात गात पुलावर न्यावे, ओढ्यात टाकावे, आणि मागे न पाहता घरी यावे. जो पाहील तो तिचा.

ते वर्षी दोरोता नामे विधवेची एकुलती लेक आनेश्का तापाने निजली होती. तिचा लाल रुमाल मोरानेस बांधिला आणि मग गाजतवाजत नेहमीचेच जागी टाकिली. ओढा आपणच गावाकडे वळविला, हे एकासही स्मरले नाही. पिढ्यांचे पाय, ते सवयीने चालतात. दुसरे दिवशी लोक पाहतात तो मोराना तळ्यात उभी, आणि तोंड दोरोतेचे दाराकडे. काठ्यांनी ढकलिली, तो फिरोन त्याच काठास लागे, आणि बदके पाण्यात उतरेनात, आणि घरात पोरीचा श्वास जड जाहला. मग गावचे पाटील मातौश बोलिले, "दोरोते, रुमाल तुझ्या घरचा, पाहुणी तुझ्या घरची. तूच पोचव."

"व्वा पाटील! आमंत्रण साऱ्या गावाने दिले, आणि पाहुणी तेवढी माझी?" ऐसे बोलोन ती माउली कंबरभर पाण्यात उतरली.

मग भर दुपारी मोराना खांद्यास घेऊन देवाचे गाणे गात डोंगरापार गेली, आणि पलीकडील नदीत टाकोन माघारी निघाली, तो मागे ओली पावले वाजो लागली, आणि लेकीचेच आवाजात शब्द आला, "आई, थंडी वाजते गं. एकदा बघ ना माझ्याकडे."

श्रोते हो, कीर्तनी बुवा मागे न पाहता टाळकऱ्याचा ठेका ओळखतात, तैसे तिने ओळखिले. म्हणाली, "माझी लेक घरी अंथरुणात आहे, बाई. तुला चालायचेच तर माझ्या मागे चाल, तिच्या उशाशी जाऊ नकोस. मी वळेन तेव्हा मी तुझी."

घरी आली तो आनेश्का उठोन बसली होती आणि म्हणाली, "आई, भूक लागली." परंतु उंबऱ्यावर ओली पावले दोघींची होती.

त्याउपरी दोरोतेने मान वळविली नाही. मागोन कोणी हाक मारिली तर तळ्यास पुरा वळसा घालोन समोर येई, पोरे चिडवीत, "दोरोताआजी, मागे कोण?" तर हसोन म्हणे, "माझी पाहुणी. लाजाळू आहे बिचारी." लेकीचे लग्न जाहले, नात जाहली, नात चालो लागली. मग एके चैत्री दोरोता दारचे बाकावर उन्हात बसली असता आनेश्काने आतोन ऐकिले, आई कोणास म्हणते आहे, "दमलीस गं बये, किती वर्षे उभी. माझेही सारे पाहून झाले. ये, बैस अशी." ती धावत बाहेर आली, तो आईची मान मागे वळलेली, मुखावर हसू, आणि शेजारी बाकावर लाल रुमाल, घडी घातलेला, ओला.

येणेप्रमाणे वर्तमान. मरण सर्वांचेच मागे असते. एका आईने त्यास नात चालेतो ताटकळत ठेविले, आणि अखेरीस बसावयास जागा दिली. हरीने तीसही तैसीच द्यावी.