प्रकाशनाचा पळस

पुस्तकाचं प्रकाशन कसं कराचं, हे साऱ्या पांढुर्ण्यात कोणाले शिकाचं असन तर त्यानं माह्याकडे यावं! असं मी परवापर्यंत सांगत फिरून राहिलो होतो. आता कोणी आलं तर सांगा, अरविंद गुरुजी घरी नाहीत.

झालं असं का, मी एक पुस्तक लिवलं. 'रंग कोणाच्या बापाचे?' कलेचं राजकारणाशी काय नातं, पर्यावरणाशी काय, समाजाशी काय, असे तीन भाग. मी शाळेत ड्रॉइंग शिकवतो, म्हणून या तिघायशी माहं नातं एकदम साफ आहे: तिघंही मले विचारत नाहीत. पुस्तक छापून आलं आन् त्याचे खोके बेडरूममध्ये असे बसले, जसे लग्न आटपल्यावरही न जाणारे पाहुणे! त्यायनं माह्या बायकोचं, जयश्रीचं, कपाट व्हरांड्यात काढलं.

"ऐका," जयश्री म्हणे, "या घरात एक तर हे खोके राहतीन, नाहीतर मी. मले काही तिकीट काढा लागत नाही. नदी ओलांडली का माहं माहेर!"

तिचं माहेर सावरगाव. पांढुर्णा आन् सावरगावच्या मधात जाम नदी. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी नदीत पळसाचं झाड गाडतात, त्याले झेंडा बांधतात, आन् दोन्ही गावं दोन्ही काठावरून एकमेकायले गोटे हाणतात. पांढुर्ण्यानं झेंडा चंडीच्या देवळात न्याचा, सावरगावनं नेऊ द्याचा नाही. ही आमची गोटमार. कोणाचं डोकं फुटते, कोणाचा डोळा जाते, दरसाली साहेब लोक मीटिंग घेतात, आन् दरसाली मीटिंगवालेच मंडपात बसून पाहतात.

"खोके जातीन!" मी छाती ठोकली. "नागपूरचे मोरेश्वर सर येऊन राहिले प्रकाशनाले. कॉलेजच्या लायब्रऱ्यायसाठी पुस्तकं तेच निवडतात. त्यायनं मान हालवली का खोके घराबाहेर!"

"आन् नाही हालवली तं?"

"तं तू नदी ओलांड!"

असं बोलाचं नसते. पण कलावंत बोलून जाते.

आता साधं प्रकाशन तर कोणीही करते. मी मांडणशिल्प कराचं ठरवलं. म्हणजे सामान असं मांडाचं का पाहणाऱ्यानं इचारात पडलं पाहिजे. मंगल कार्यालयाच्या मधोमध पळस. त्याच्या बुडाशी वाहती जाम नदी, म्हणजे लांब अंथरलेली निळी साडी. पळसाच्या शेंड्याले झेंडा, आन् झेंड्याखाली लटकलेलं माहं पुस्तक!

माहा दोस्त मंगेश म्हणे, "डेकोरेशनवाल्याकडे प्लास्टिकचं झाड आहे. आणू का?"

"प्लास्टिक? पर्यावरणाच्या पुस्तकाले? शरम कर! तुह्या वावराच्या धुऱ्यावर पळस आहे नं, तो तोडून आण."

"तो जिता आहे नं बे!"

"म्हणूनच! कला जिती पाहिजे!"

हार-तुरेही बंद केले. फुलं कायले तोडाची? त्यापेक्षा मंगेशच्या बागेत गळून पडलेली कच्ची संत्री आणली, हिरवीगार, टणक, गोट्यासारखी. येईल त्याच्या हातात दोन-दोन. तोडलेला पळस काही उभा राहीना, तर पुस्तकाचे सारे खोके आणून त्याच्या बुडाशी चारी बाजूनं दाबले. पुस्तकानं झाडाले आधार देल्ला! मलेच माह्या डोक्याचं कौतुक वाटलं.

तीन भाग, म्हणून पाहुणेही तीन. राजकारणासाठी पांढुर्ण्याचे पुढारी वामनभाऊ. पर्यावरणासाठी जंगल खात्याचे नाकेदार तुळशीराम. आन् समाजासाठी माहे सासरे, सावरगावचे रघुनाथराव. कारण सासऱ्याइतका समाज मले दुसऱ्या कोणी दाखवला नाही.

लोक आले. कोणी सांगतलं नाही, पण साडीच्या इकडच्या खुर्च्यायवर सारं पांढुर्णं बसलं आन् तिकडच्या खुर्च्यायवर सारं सावरगाव. मले वाटलं, वा! रचना समजली लोकायले!

मी भाषण ठोकलं. "हा पळस नकली नाही! खास या कार्यक्रमासाठी आम्ही हिरवागार तोडला आहे!" टाळ्या पडल्या. नाकेदार साहेबायनं नाही वाजवल्या. मले वाटलं, हातात संत्री आहेत म्हणून.

मग मोरेश्वर सर उठले. "आता ते पुस्तक कुणीतरी खाली घ्या, म्हणजे प्रकाशन करू."

कुणीतरी म्हटल्यावर वामनभाऊ थांबणार कुठं? जिथं फीत तिथं वामनभाऊ, जिथं नारळ तिथं वामनभाऊ. चिखलाच्या चपला घेऊन ते सरळ नदीत उतरले.

"अग्गोबाई! माही साडी!" जयश्री किंचाळली. साडी तिची आहे हे मी तिले सांगायचं राहून गेलतं.

"साडी नाही, ते नदी आहे!" मी माइकवरून समजावलं.

"नदी? माह्या मावशीनं देल्ली आहे ते! ओ भाऊ, हटा तिथून!"

वामनभाऊ हटले नाहीत. झेंड्याले हात घातला. जयश्रीनं हातातलं संत्रं सोडलं. थाड! बराबर टाळूवर.

तिकडून सासरे काठी टेकत उभे झाले. "शाब्बास पोरी! झेंडा जाऊ देऊ नका रे!"

"सावरगावनं पैला हाणला!" इकडून आरोळी उठली. "चंडी माता की जय!"

काय सांगू तुम्हाले! आपल्या लोकायले प्रतीक समजत नाही असं मी पुस्तकात एक अख्खं प्रकरण लिवलं आहे. इतकं समजलं, इतकं समजलं का संत्री कमी पडली! मी माइक धरून नेमका सावरगावच्या बाजूले सापडलो.

"मामाजी, मी तुमचा जवाई आहो!"

"आज नाही!" मामाजी म्हणले, आन् माह्या कानावर एक संत्रं बसलं. म्हाताऱ्याचा नेम अजून पक्का आहे.

मोरेश्वर सर टेबलाखाली. वामनभाऊनं पळस कडकन मोडला, झेंडा काढला आन् चंडीच्या देवळाकडे पळाले. त्यायच्या मागं पांढुर्णं, त्यायच्या मागं सावरगाव. पुस्तक तिथंच साडीत पडलं. त्याच्यावरून दोन्ही गावं गेली.

सर चष्मा पुसत बाहेर निघाले. त्यायच्या मिशीले संत्र्याचा रस.

"सर, मग लायब्रऱ्यायसाठी..."

"अप्रतिम!" सर म्हणाले. "कला, राजकारण, समाज, सगळं डोळ्यांसमोर! यानंतर पुस्तकाची गरज काय? मी एकही प्रत सुचवणार नाही." आन् गाडीत बसले.

खुर्च्यायच्या गर्दीत एकच माणूस बसून होता. नाकेदार साहेब संत्रं सोलून खात होते.

"गुरुजी, आभार झाले असन तर एक विचारू? पळस तोडाची परवानगी?"

"साहेब, दरसाली नदीत गाडतात, त्याले कोण विचारते?"

"त्याले परंपरा आहे. तुमच्या पुस्तकाले परंपरा आहे का?" बी थुंकत ते म्हणले. "तोडला हे तुम्हीच माइकवर सांगतलं. मी पर्यावरणाचा पाहुणा, ऐकून न ऐकल्यासारखं कसं करू? पंचनामा करा लागन. झाड जप्त. आन् झाडाले आधार देणारा माल जप्त."

"म्हणजे खोके?"

"सारे."

तुम्हाले खोटं वाटन, पण जयश्री हसली! पैल्यांदाच माह्या पुस्तकावर हसली. "न्या जी, आत्ताच न्या! गाडीत चढवाले मी हात लावतो!" तिनं खरंच लावला. रातच्याले कपाट व्हरांड्यातून बेडरूममध्ये आलं. मी पडल्या पडल्या म्हणलं, "पाह्य, खोके गेले का नाही? बोललो तसं केलं!"

सकाळी नाकेदार साहेब परत आले. मागं गाडी. म्हणे, आमच्या नाक्यावर जागा नाही, मुद्देमाल तुमच्याच सुपूर्द करतो. मी सही केली. केसचा निकाल लागेपर्यंत खोके विकाचे नाही, वाटाचे नाही, उघडाचे नाही, जागचे हालवाचे नाही. कपाट बाहेर काढून खोके होते तिथं ठेवले. प्रत्येकाले लाखेचं सील आहे. मोडका पळसही आतच आहे.

जयश्रीनं साडी धुतली, नेसली आन् नदी ओलांडली.