शेवंती म्हशीच्या पाठीवर बगळा बसला, त्या मोहिमेची हकीकत

श्रीसरस्वतीस नमन करून आणि ऐकणारांचा कान धरून लिहितों ऐसें जे, शके १९४६, माघमासीं, एका राज्यांत दुर्गावतीबाई नामें थोर लेखिका होत्या. लेखणी मोठी, राग त्याहून मोठा. त्यांची एक चिमुकली कथा: तळें, म्हैस, आणि म्हशीच्या पाठीवर येऊन बसलेला बगळा, इतकेंच. ती वाचून नीरजाबाई नामें तरुण दिग्दर्शिका वेड्या जाहल्या आणि लघुपट करूं द्यावा म्हणोन पायां पडल्या. बाई बोलिल्या, "कर. पण बगळा आपल्या पायांनी आला पाहिजे. कापसाचा नको, यंत्रातला नको. नाहीतर माझं नाव काढून टाक." नीरजाबाईंनीं शब्द दिधला.

मग कॅमेरा, दिवे, वडापावाचे डबे ऐसा सरंजाम तळ्याकांठीं उतरला, आणि शेवंती नामें म्हैस पडद्यावर शोभावी म्हणोन तीस साबणानें न्हाऊं घातलें, खोबरेल चोळिलें, आणि ती ऐसी झळकली कीं तींत तोंड पाहावें. बगळे आले, पाहिलें, आणि पलीकडच्या मळक्या म्हशींवर जाऊन बसले. ऐसे दिवस गेले. उद्यां कॅमेरा परत देणें, आणि पाठ रिकामी! नीरजाबाई बांधावर बसोन रडूं लागल्या.

तों दुर्गावतीबाई स्वयें पाहणीस आल्या. म्हैस पाहिली मात्र, हांसत सुटल्या. "अगं, हिची नवरी केलीस होय? बगळा काय दर्शनाला येतो? माशा-गोचिडं खायला येतो गं तो!" मग पदर खोचून तळ्यांत उतरल्या आणि ओंजळी भरभरून चिखल शेवंतीस माखिला, आणि शेवंतीनेंही शेपटीच्या एका फटकाऱ्यासरसें बाईंस माखिलें, आणि बाई पाण्यांतच बसल्या. मग माशा आल्या, आणि माशांमागें बगळा आला, पाठीवर बसला. कॅमेरा चालूच होता, आणि बाई त्याच चौकटींत, तोंडावर हात दाबून हसूं आवरीत राहिल्या. बगळा बसला तो एकदांच. कापावें तर बाईंसवें बगळाही जातो, म्हणोन नीरजाबाईंनीं न विचारतां सारेंच ठेविलें.

मग मंडपांत खेळ जाहला. नीरजाबाई जीव मुठींत धरून बसल्या. एक पंडित उठोन गर्जले, "मूळ कथेत ही चिखलातली म्हातारी नाही!" अवघी सभा बाईंकडे पाहूं लागली.

दुर्गावतीबाई बोलिल्या, "होती. लाजून वगळली होती मी."

मंडपांत हंशा आणि टाळ्या एकच जाहल्या. ऐसा लघुपट सिद्धीस गेला. आम्हीं दोनदां पाहिला, मन भरलें नाहीं. तिसऱ्यांदां पाहावयास निघालों, म्हणोन लेखणी ठेविली.