मागच्या सीटवर बसलेलं पाणी

रविवारी सकाळी साडेसहाला सप्तधारा सोसायटीच्या गेटसमोर सतरा सीटची गाडी उभी होती आणि गाडीपुढे अझहर उभा होता. अंगात नवा शर्ट आणि गळ्यात शिट्टी! कारण आजची सहल म्हणजे त्याची परीक्षाच होती.

तीन वर्षं तो औरंगपुऱ्यात मोबाइलची कव्हरं विकत होता. पण जीव सगळा डोंगरात. सुट्टी मिळाली की बाइक काढायची आणि निघायचं. कुठल्या डोंगराला किती थर, कुठल्या तळ्यावर कुठले पक्षी, सगळं तोंडपाठ. कव्हर घ्यायला आलेलं गिऱ्हाईक वेरूळच्या पुढचा रस्ता ऐकून जायचं आणि कव्हर घ्यायचं विसरायचं. शेवटी ट्रॅव्हल्सवाल्या वहाबभाईंनी त्याला एक संधी दिली. म्हणाले, "देख मियाँ, एक दिन की ट्रिप. डोंगर, तलाव, खाना, शाम को घर. पार्टी खूश, तो हर इतवार तेरा. पार्टी ने आधे रस्ते से गाडी पलटाई, तो तू और तेरे कव्हर."

आता सप्तधारा सोसायटी म्हणजे काय, तर नावात सात धारा आणि नळाला आठ दिवसांतून एक. पाऊस सलग दुसऱ्या वर्षी दगा देऊन गेलेला, शहर मात्र चारही बाजूंनी वाढतच चाललेलं. सोसायटीचं सगळं आयुष्य पाण्याच्या दिवसावर बांधलेलं. मुलगी बघायला येणाऱ्या पाहुण्यांनासुद्धा आधी पाण्याचा वार विचारून मगच पोह्यांना बोलवायचे. चेअरमन दत्तोपंतांनी ही सहलसुद्धा तशीच ठरवली होती. पाणी सोमवारी पहाटे, म्हणून सहल रविवारी. एकदम चोख!

सोसायटीची पंधरा माणसं आली. उरलेल्या दोन सीटांवर अझहरनं त्याच्या ओळखीतलं एक जोडपं बसवलं. नवऱ्यानं काळा गॉगल लावलेला, तो बसल्या बसल्या टोपी तोंडावर ओढून झोपला. बायको नवी हिरवी साडी नेसून खिडकीला जी चिकटली ती चिकटलीच.

गाडी निघाली आणि अझहर सुटला. काय बोलत होता तो! दौलताबादचा किल्ला दिसला तसं म्हणाला, "देखो काका, किल्ला बांधला नाय, डोंगर तासला! आधी डोंगर, मग हिंमत, मग किल्ला." दत्तोपंतांच्या पत्नी दमयंतीकाकू पन्नास वर्षं या शहरात राहिलेल्या, त्यांनी पहिल्यांदाच त्या किल्ल्याकडे तोंडात बोट घालून पाहिलं. फक्त एका गोष्टीवर सगळ्यांचं एकमत होतं. "हे बघ बाळा," काकू म्हणाल्या, "तलाव दाखव, जेवायला घाल, पण डोंगर आम्ही खालूनच बघणार. पंधरा जणांत तीस गुडघे आहेत आणि त्यातला एकही धड नाही."

"जैसा आप बोलो काकू," अझहर म्हणाला आणि मनातल्या मनात हळहळला. वरचा देखावा म्हणजे त्याच्या सहलीचा जीव होता.

वाटेत ठिकठिकाणी उतरून बघत बघत साडेदहाला खुलताबादला चहा झाला. गाडी पुढे निघाली आणि दत्तोपंतांचा फोन वाजला. सोसायटीचा वॉचमन होता. दत्तोपंत "हां... हां..." करता करता पांढरे पडले.

"अहो, काय झालं?" काकूंनी विचारलं.

"पाणी! उद्याचं पाणी आज सुटणार म्हणे. बारा वाजता!"

गाडीत असा गोंधळ उडाला की काही विचारू नका. कुणाची मोटर बंद, कुणाच्या टाकीचं झाकण लावलेलं, सगळ्यांच्या घरांना कुलूप. आजचं गेलं की थेट आठ दिवस! "गाडी वळवा!" "यू टर्न घ्या!" "सहल गेली खड्ड्यात!"

अझहरला डोळ्यांसमोर मोबाइलची कव्हरं दिसायला लागली. "काका, बस पंधरा मिनिटांवर तलाव आहे हो!"

"तलाव बघून काय टाकी भरणार आहे?" दत्तोपंत कडाडले. मग त्यांना एकदम सुचलं. "थांबा! लाइनमनला फोन करतो. आपल्या भागाचं पाणी तोच सोडतो. हातापाया पडतो, म्हणतो, संध्याकाळी सोड बाबा."

हा लाइनमन कडूबा. त्याला सोसायटीत कुणीच कधी पाहिलेलं नव्हतं. तो पहाटे चारला यायचा, अंधारात व्हॉल्व फिरवून जायचा. लोकांना त्याची फक्त फटफटी ऐकू यायची, आणि दत्तोपंतांकडे त्याचा नंबर होता. ते त्याच्याशी इतकं अदबीनं बोलायचे की कलेक्टरशीही कुणी बोलत नसेल.

त्यांनी नंबर लावला. गाडी चिडीचूप. आणि मागच्या सीटवर सनई वाजली.

टोपीखालून एक हात आला, त्यानं खिशातला फोन काढून कानाला लावला. "हां, बोला साहेब."

"कडूबा, नमस्कार! कुठं आहात?"

"कुठं म्हंजी? ड्युटीवर. व्हॉल्वपाशीच हुबा हाय की."

दत्तोपंतांना आवाज एका कानात फोनमधून आणि दुसऱ्या कानात पाठीमागून येत होता. ते हळूहळू वळले. पंधरा माना वळल्या. कडूबानं टोपी वर केली, गॉगल काढला, समोरचे चेहरे पाहिले आणि फोनमध्येच म्हणाला, "साहेब, ठिवतो. व्हॉल्वपाशी गर्दी झालीया."

"तुम्ही इथं?" दत्तोपंत किंचाळले. "मग पाणी कोण सोडणार?"

"आवो, पाणी तर उद्या हाय ना? म्हून तर आलो!"

"आज आहे, आज! बारा वाजता!"

कडूबा ताडकन उभा राहिला आणि त्याचं डोकं टपाला आदळलं. "आयला! हापिसाचा फोन घाटात लागला नसंल. ड्रायव्हर, थांबवा गाडी. म्या जातो परत, एखादी जीप धरतो..."

"खबरदार!" खिडकीकडून पहिल्यांदाच आवाज आला. कौसाबाई, त्याची बायको. "बावीस वर्सं झाली लग्नाला. रोज पहाटं तीनला उठून जाता. सणाला नाय, जत्रंला नाय. म्या म्हणलं, एकदा तरी डोंगर दाखवा. आन् आता अर्ध्या वाटंवरून पळू राह्यले? जा! पर व्हॉल्वची चावी घरात, घराला कुलूप, आन् कुलपाची चावी हितं." तिनं कमरेवर थाप मारली. "ती काय म्या देत नाय."

"वहिनी, आमच्या पंचवीस घरांचा प्रश्न आहे!" दत्तोपंतांनी हात जोडले.

"आन् माझा एकच दिस हाय, त्याचं काय?"

दमयंतीकाकू काहीतरी बोलणार होत्या, पण त्यांनी कौसाबाईच्या नव्या साडीकडे पाहिलं आणि तोंड मिटलं. मग नवऱ्याकडे वळून म्हणाल्या, "बरोबर बोलतेय ती. बसा खाली."

या भांडणात गाडी तलावापाशी येऊन थांबलीसुद्धा. अझहरनं आशेनं बाहेर पाहिलं आणि त्याचा उरलासुरला जीव गेला. तलाव आटलेला! भेगाळलेला चिखल आणि मधोमध परातीएवढं चमकणारं डबकं. सव्वाअकरा वाजलेले, पाणी घरी नाही, तलावातही नाही.

तेवढ्यात कडूबा कपाळावर हात मारत म्हणाला, "एक विलाज हाय. पल्याडच्या भागाला पाणी सोडणारा पुंजाराम. आमी लग्नकार्यात दिस बदलून घेतो. त्यो आज त्याच्या भागाला सोडंल, उद्याचा त्याचा दिस आपल्याला. हापिसातल्या साहेबांना बी चालतं, वेळंत सांगितलं की झालं."

"मग लावा फोन!" सगळे ओरडले.

कडूबानं फोन पाहिला. दत्तोपंतांनी पाहिला. सगळ्यांनीच पाहिले. त्या खोलगट जागेत एकाही फोनला रेंज नव्हती.

"अझहर," दत्तोपंतांनी विचारलं, "रेंज कुठं येते?"

अझहरनं बोट वर केलं. थेट डोंगराच्या माथ्याकडे.

आणि मग जे झालं ते त्या डोंगरानंसुद्धा कधी पाहिलं नसेल! तीस गुडघे निघाले. पुढे अझहर शिट्टी वाजवत, त्याच्या मागे कडूबा आणि कडूबाच्या मागेपुढे अख्खी सोसायटी. कडूबाला ठेच लागू नये म्हणून दोघं जण वाटेतले दगड बाजूला करत होते. एकानं त्याच्या डोक्यावर छत्री धरली. कुणी त्याला लिंबाची गोळी दिली, कुणी गुळाचा खडा. दत्तोपंत धापा टाकत म्हणत होते, "सावकाश, कडूबाराव, सावकाश! तुम्ही घसरलात तर आठ दिवस गेले!" आणि दमयंतीकाकू कौसाबाईचा हात धरून अशा चढल्या की दोघी सगळ्यांच्या आधी माथ्यावर.

पावणेबाराला फोनवर दोन काड्या दिसल्या. कडूबानं नंबर लावला. सगळे श्वास रोखून.

"पुंजाराम, आरं माझा दिस घे आज. उद्याचा तुझा मला दे... कुठं म्हंजी? डोंगरावर! ... आरं खरंच डोंगरावर, तुझी वहिनी बी हाय संगं... काय? ... व्हय, व्हय." त्यानं फोन ठेवला. "झालं. आपलं पाणी उद्या पहाटं चारला. पक्कं."

काय तो जल्लोष! दत्तोपंतांनी कडूबाला मिठीच मारली. आणि मग, घाम पुसायला म्हणून सगळे वळले आणि रुमाल हातातच राहिले.

समोर डोंगरांच्या रांगा, एकीमागे एक, निळ्या, मग फिक्या, मग नुसती रेघ. वारा असा की घाम पुसायची गरजच उरली नाही. खाली आटलेला तलाव एखाद्या मोठ्या तळहातासारखा पसरलेला, सगळ्या रेषा दिसत होत्या. अझहर हळूच म्हणाला, "भरलेला तलाव सगळेच बघतात. तळ कोण बघतं? त्या कोपऱ्यात बघा, जुन्या दगडी पायऱ्या. पाणी असताना दिसत नाहीत. आणि त्यांच्या शेजारी तो खापरी नळ, भाजक्या मातीचा. जुन्या लोकांनी डोंगरातलं पाणी असंच नेलं."

कडूबा पुढे आला. डोळे बारीक करून बराच वेळ त्या नळाकडे बघत राहिला. "उतार बगा कसला दिलाय," तो म्हणाला. "मोटर नाय, लाइट नाय, आन् पाणी आपल्या पायानं चाललं आसंल. लई हुशार माणसं. तवा बी कुणीतरी माझ्यासारखा पहाटं उठून तोंडाशी उभा राहत आसंल, नाय का?"

दत्तोपंतांनी टोपी काढली. ती कुणासाठी काढली, डोंगरासाठी, त्या नळासाठी की कडूबासाठी, ते त्यांनाच ठाऊक. कौसाबाई मात्र एका दगडावर बसून नुसती बघत होती. शेवटी नवऱ्याला म्हणाली, "एवढं मोठं आसतंय व्हय हे सगळं?"

जेवणं डोंगरावरच झाली. बेसन-भाकरी वर आणायला तीसच्या तीस गुडघे पुन्हा खाली जाऊन आले, कुरकुर न करता. संध्याकाळी गेटवर उतरताना दत्तोपंतांनी वहाबभाईंना स्वतः फोन लावला. "तुमचा अझहर हिरा आहे हिरा! आम्हाला डोंगर चढवला त्यानं."

मंगळवारी अझहरचा फोन वाजला. वहाबभाई.

"मियाँ, हर इतवार तेरा. और अगले इतवार की गाडी फुल्ल! सतरा नक्को, पन्नास सीटवाली लगती बोले."

अझहर दुकानातच नाचला. "कोण पार्टी, भाई?"

"वो कौसाबाई है ना? उसने शहर के सब लाइनमनवालों की बीवियों को फोन कर डाले. अब सब की सब अड के बैठी हैं, हमको भी डोंगर दिखाव. पच्चीस जोडियाँ पक्की."

अझहरनं आनंदात फोन ठेवला, दोन मिनिटं हवेत तरंगला, आणि मग हळूच त्याचं तरंगणं थांबलं. त्यानं परत फोन उचलला आणि घरी लावला.

"अम्मी, शनिवारपर्यंत घरातली सगळी भांडी भरून ठेव. हौ, सगळी. कढईसुद्धा."