उपासाचा फ्रूट लोफ

आमच्या वर्तकनगरच्या सोसायटीत कुठली चतुर्थी कधी आहे हे पटकन सांगणारी एकच व्यक्ती आहे, आणि तिने जन्मात एकही उपास केलेला नाही. सिस्टर कांबळे. रिटायर्ड नर्स, तळमजल्यावर एकट्या राहतात. हॉलमध्ये बुद्धाची मूर्ती आणि समोरच्या भिंतीवर तिथी-वारांचं भलंमोठं कॅलेंडर.

हे कॅलेंडर लागतं फ्रूट लोफसाठी. शुक्रवारी मनुका आणि खजूर कडक चहात भिजायला पडतात, शनिवारी जुन्या गोल ओव्हनमधून लोफ निघतो, रविवारी चारच्या चहाला कापला जातो. ताजा कापला की भुगा होतो, हे ट्रेनिंगच्या वेळच्या मेट्रनने शिकवलेलं. चार वाजता जो जिन्यात सापडेल तो पाहुणा. डब्यात घालून न्यायची सोय नाही. समोर बसून खायचा, आणि पहिला घास घशाखाली उतरेपर्यंत सिस्टर बघत बसतात, कडू औषध पाजल्यासारख्या.

"गिळलं? आता चहा घ्या."

आमच्या सेक्रेटरींनी एकदा हात जोडले. "सिस्टर, आज संकष्टी."

"संकष्टी बुधवारी झाली. तेव्हा तुम्ही कोपऱ्यावर वडापाव खात होतात. बसा."

बसले बिचारे.

"माझ्या दारात आलं की लोकांना उपास आठवतात," असं त्या म्हणतात. मी एकदा सहज म्हटलं, दोन स्लाइस घरी द्या ना. तर म्हणाल्या, "कोपरीला असताना शेजारणीला दर रविवारी डिश द्यायचे. डिश कधी रिकामी आली नाही हां, साखर घालून यायची. आणि लोफ जिन्याखाली कुत्रा खायचा. गुटगुटीत झालेला." हे त्या हसत हसत सांगतात. ऐकणाऱ्याला हसता येत नाही.

यंदा माझी आई गावाहून गुडघ्याच्या ऑपरेशनला आली. घरी आणल्यापासून रोज सकाळी सिस्टर वर येऊन तिला पोटात इंजेक्शन द्यायच्या, ड्रेसिंग करायच्या, धरून चालवायच्या. आई त्यांच्या खांद्यावर सगळा भार टाकायची. "हात हलका आहे हो बाईचा," असं फोनवर गावभर सांगायची.

वॉकर घेऊन चालता आलं तशी तिला लिफ्टने खाली नेली, आभार मानायला. रविवार होता. सिस्टरांनी ठेवणीतले कप काढलेले.

"माझा उपास आहे हो आज," आई म्हणाली.

"माहितीये. एकादशी." सिस्टरांनी दुसरी डिश पुढे केली. "राजगिऱ्याचा आहे. अंडं नाही. भांडंही नवीन घेतलं. खा आई."

आईकडे आता कारण उरलं नव्हतं. तिने डिशकडे पाहिलं, मग माझ्याकडे. "आत्ता पोट जड वाटतंय. नंतर खाईन."

मला वाटलं, आता सिस्टर फटकारणार. त्यांनी एकदा आईच्या तोंडाकडे पाहिलं. मग डिशवर झाकण ठेवलं आणि माझ्या हातात दिली. "वर घेऊन जा रे. खातील सावकाश."

आईने तो लोफ रात्रीपर्यंत ओट्यावर तसाच ठेवला. "उद्या भांडीवालीला दे," म्हणाली. आईचा इतका राग मला कधी आला नव्हता. मी सगळा लोफ उभ्याउभ्या खाल्ला. चांगला झालेला, हे मनाला जास्तच लागलं.

सकाळी आईने डिश घासून, पुसून, त्यात मूठभर साखर घालून माझ्यापुढे धरली. "रिकामं भांडं परत देऊ नये कुणाचं."

जिन्यात मी साखर कागदात ओतली, पुडी खिशात घातली आणि रिकामी डिश सिस्टरांना दिली. "आईने सगळा खाल्ला. आवडला म्हणाली."

त्यांनी डिशवरून बोट फिरवलं. काठाला चार दाणे चिकटलेले होते.

"साखर खिशात ठेवू नकोस, मुंग्या लागतील," त्या म्हणाल्या. मग डिश मांडणीत ठेवली. "आईंना सांग, दहाला येते. आज टाके काढायचेत. दुखणार नाही म्हणावं, घाबरू नका."