एकही वाक्य नसलेला रोल

अच्युतकाका बिवलकर आमच्याकडे येतात ते दोनदा. पहिल्यांदा बेल वाजते, आम्ही दार उघडतो, काका आत पाऊल टाकतात, थबकतात, मान हलवतात आणि "नाही, जमलं नाही," असं म्हणून परत बाहेर जातात. मग आम्ही दार लावून घ्यायचं आणि थांबायचं. पुन्हा बेल. या वेळी ते आत येतात तेव्हा कधी दमलेले असतात, कधी खुशीत, तर कधी नुकतीच कुणाशी तरी बाचाबाची झाल्यासारखे. बाहेर फक्त आमचं लॉन आहे. तिथे बाचाबाची करायला खारींशिवाय कोणी नसतं.

मी व्यवसायाने कॉस्ट एस्टिमेटर आहे. मोटारींच्या सुट्या भागांना किती खर्च येईल, याचा अंदाज काढणं हे माझं काम. मिशिगनच्या जानेवारीत दार एकाऐवजी दोनदा उघडलं, तर घरातली ऊब किती वाया जाते, हे मी एकदा काकांना आकडेमोड करून दाखवलं. त्यांनी ते सगळं लक्ष देऊन ऐकलं आणि म्हणाले, "बरोबर आहे तुझं. पण माणूस कुठून आला हे ठरल्याशिवाय तो आत कसा येईल?"

"आधी सांग, मी आत्ता कुठून आलोय?" हा त्यांचा कायमचा प्रश्न. हॉटेलात शिरताना विचारतात, डेंटिस्टकडे जाताना विचारतात. उत्तर आपण द्यायचं नसतं. ते त्यांचं तेच ठरवतात.

काका नट आहेत. ट्रॉयमधल्या आमच्या मराठी मंडळात नट पुष्कळ आहेत, पण ते गणपतीपुरते. काका पोटासाठी नट आहेत. पन्नासएक वर्षांपूर्वी ते डेट्रॉइटला ब्रेकची ड्रॉइंग्ज काढायला आले. ऑफिसातल्या एका मित्राच्या हौशी नाटक कंपनीत सुलतानाचं काम करणाऱ्या माणसाला ऐन वेळी गालगुंड झालं आणि सुलतानासारखा दिसणारा तालुक्यात एकच माणूस होता. वर्षभरात काकांनी ब्रेक सोडले. मग कित्येक वर्षं न्यूयॉर्कमध्ये नाटकं, त्यानंतर लॉस एंजेलिसला सिनेमे आणि टीव्हीवरच्या मालिका. आता अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी परत ट्रॉयला आलेत आणि आमच्यापासून दोन घरं सोडून राहतात. लग्न केलं नाही. भाऊ-बहीणही नाही.

तुम्ही त्यांना पाहिलेलं आहे. अमेरिकेत टीव्ही बघणाऱ्या जवळजवळ प्रत्येकाने त्यांना पाहिलंय, फक्त ते कोण हे कुणालाच ठाऊक नाही. दुकानात लोक त्यांच्याकडे बघून ओळखीचं हसतात आणि मग कपाळाला आठ्या घालून विचार करत बसतात. एका बाईंनी तर त्यांना आपला जुना डेंटिस्ट समजून दुधाच्या फ्रिजसमोर तोंड उघडून दाढ दाखवली. काकांनी नीट पाहिली. "काढावी लागेल," म्हणाले.

त्यांच्या कामांचा मी एकदा एका रविवारी तक्ता केला. त्यातून जे दिसलं ते मंडळाच्या स्मरणिकेत छापण्यासारखं होतं. सुरुवातीची काही वर्षं ते इजिप्शियन, मेक्सिकन, इराणी, एकदा तर इटालियन आचारी होते. म्हणजे काहीही, पण भारतीय नाही. नंतर ते टॅक्सी ड्रायव्हर झाले. मग दुकानदार. या दुकानावर नेहमी दरोडा पडायचा. मग मोटेलचे मालक, मग डॉक्टर, मग हॉस्पिटलचे प्रमुख आणि अलीकडे जज. एकही परीक्षा न देता इतकी बढती मिळालेला माणूस आमच्या मंडळात दुसरा नाही. आणि हे सगळं मिळून ते पडद्यावर जितका वेळ दिसले, तो माझ्या अंदाजाप्रमाणे ट्रॉयहून शिकागोला गाडीने जायला लागतात त्या पाचएक तासांपेक्षा कमीच भरेल. रस्ता मोकळा असला तरी.

डॉक्टर म्हणून त्यांचं काम एकच. ऑपरेशन थिएटरची दारं ढकलून बाहेर यायचं, टोपी काढायची आणि "आम्ही शर्थ केली," म्हणायचं. मंडळाच्या पिकनिकला एकदा जोशीबाईंना उन्हाने चक्कर आली. आजूबाजूला खरे डॉक्टर इतके होते की त्यांच्यात कोणी पुढे व्हायचं यावर चर्चा सुरू झाली. जोशीबाईंनी डोळे उघडले ते अच्युतकाकांना शोधत. "काका, तुम्ही बघा ना मला."

"मी आलो तर वाईट अर्थ होतो, वहिनी," काका म्हणाले. "तुम्ही सरबत घ्या."

अजूनही ऑडिशन्स असतात. हल्ली त्या घरूनच फोनवर चित्रित करून पाठवायच्या. आमच्या बेसमेंटमध्ये काका कॅमेऱ्यासमोर बोलणार आणि समोरच्या पात्राची वाक्यं कॅमेऱ्यामागून कुणीतरी वाचणार. तो कुणीतरी म्हणजे मी. मी त्यांची बायको झालोय, त्यांचा मारेकरी झालोय, एकदा गर्भवती सून झालोय. "मला सोडून जाऊ नका," हे बायकोचं वाक्य मी वाचलं तेव्हा काकांनी चित्रण थांबवलं. म्हणाले, "अरे, तू कोटेशनच्या अटी वाचतोयस." तरी तो रोल त्यांना मिळाला. इतक्या कोरड्या बायकोसमोरही या माणसाच्या डोळ्यांत पाणी येतं, याचं तिकडे कौतुक झालं असावं.

गेल्या वर्षी आमच्या मुलीचं, सईचं, लग्न ठरलं. गौरीहर पुजून झाला की मुलीच्या मामाने तिचा हात धरून तिला अंतरपाटाशी आणायचं असतं. सईला मामा एकच, माझ्या बायकोचा, वैशालीचा, भाऊ नंदू. नागपूरला त्याचं हार्डवेअरचं दुकान आहे. त्याचा व्हिसा नाकारला गेला. वैशाली दोन दिवस स्वयंपाकघरात भांडी आपटत होती. सईने आधी इट्स ओके म्हटलं आणि मग खोलीत जाऊन दार लावून घेतलं. तेव्हा मीच म्हणालो की मामा म्हणून अच्युतकाकांना उभं करू.

विचारायला फोन केला. त्यांनी आधी वाक्यं किती आहेत ते विचारलं. मी एकही नाही म्हणालो.

"मग अवघड आहे," ते म्हणाले. "करतो."

त्यानंतर आमच्या घरात मामा या विषयाचा अभ्यास सुरू झाला. मामाने सईला लहानपणी कडेवर घेतलं होतं का, कोणत्या कडेवर, मामाचं आणि भाऊजींचं कधी वाजलं होतं का. (वाजलं होतं. मी विषय बदलला.) मग ते नंदूलाच व्हिडिओ कॉल करू लागले. आमच्याकडची उशिराची रात्र म्हणजे तिकडे सकाळी दुकान उघडायची वेळ. नंदूचा मला वैतागून फोन आला.

"भाऊजी, हे काकाजी मला चालून दाखव म्हणून राहिले. दुकानात गिऱ्हाईक खिळे मागून राहिलं, अन् मी काय कॅटवॉक करू का?"

पण आठवड्याभरात तोच तयार होऊन बसायला लागला. कानाची पाळी ओढणं, बोलण्याआधी दोनदा खाकरणं, चालताना डावा हात मागे धरणं, सगळं काकांनी उचललं. वैशाली एकदा पाठमोऱ्या काकांना "नंदू" म्हणून हाक मारून बसली. पुढे त्यांच्या गप्पांत अभ्यास कमी आणि नागपूरचा उन्हाळा, संत्री, नंदूची गुडघेदुखी हेच जास्त असायचं.

त्याच सुमारास काकांना ऐन मुहूर्ताच्या आठवड्यातलं, शिकागोचं दोन दिवसांचं काम आलं. जजचं. एरवी जज निकाल द्यायच्या आतच सीन संपतो. या जजला निकाल द्यायचा होता, तोही जवळजवळ पानभर. त्यांचा एजंट फोनवर होता तेव्हा मी समोरच होतो. काका त्याला म्हणाले की जमणार नाही, घरात लग्न आहे. एजंट त्यांना पुष्कळ वर्षं ओळखतो. कुणाचं, असं त्याने विचारलं असणार.

"भाचीचं," काका म्हणाले आणि दोनदा खाकरले.

लग्नाला दहाएक दिवस उरले असताना नंदूचा फोन आला. त्याने पुन्हा अर्ज केला होता, आम्हाला न सांगता. व्हिसा मिळाला. वैशाली रडली, सई ओरडली, मी लगेच विमानाची तिकिटं बघायला बसलो. बऱ्याच वेळाने सईने विचारलं, "बाबा, पण मग अच्युतकाका? हू इज टेलिंग हिम?"

दोघी माझ्याकडे बघत होत्या.

काकांच्या घरी मी तोवर आत कधी गेलो नव्हतो. तेच नेहमी आमच्याकडे यायचे. हॉलच्या भिंतीवर फोटो होते, भरपूर. काका आणि एक बाई, मध्ये दोन मुलं. काका आणि वेगळी बाई, ग्रॅज्युएशनच्या टोपीतला मुलगा. काका आजोबा झालेले, मांडीवर बाळ. समुद्रकिनाऱ्यावर काका आणि एक उंच गोरी बाई, दोघं हसताहेत. मी न विचारताच बायका मोजल्या. चार भरल्या.

"सेटवरचे आहेत," काका म्हणाले. "नटाच्या पात्राचं घर दाखवायचं तर भिंतीवर कुटुंब लागतं ना. म्हणून आधी बोलावून फोटो काढतात. शूटिंग संपलं की मी मागून घेतो. नाहीतर टाकूनच देतात." त्यांनी उंच बाईच्या फ्रेमवरची धूळ बोटाने पुसली. "ही टोरांटोची. एकाच दुपारचा संसार. पण फार समजूतदार होती. माझी कॉलर तिनेच नीट केली."

मी घरून वाक्यं तयार करून आलो होतो. पहिलं वाक्य निम्मं झालं आणि काकांनी हात वर केला.

"कापला?"

"तसं नाही, काका—"

"अरे, सवय आहे. कितीतरी सिनेमांत मी आहे असं आईला कळवलं आणि नंतर मी नव्हतो. आणि खरा माणूस येत असेल तर नट कशाला हवा?" ते उठून चहा टाकायला गेले आणि तिकडूनच म्हणाले, "नंदूला चालायला शिकवावं लागेल. भरभर चालतो तो."

चहा होईपर्यंत ते नंदूच्या चालीबद्दलच बोलत होते. कप माझ्या हातात देताना मात्र म्हणाले, "एक विचारू? मी मग बसायचं कुठे? मुलीकडच्यांत, की पाहुण्यांत?"

या प्रश्नाची तयारी मी केली नव्हती. "कुठेही बसा, काका," मी म्हणालो. घरी येऊन हे वैशालीला सांगितलं तेव्हा तिने माझ्याकडे ज्या नजरेने पाहिलं ती मी इथे लिहीत नाही.

नंदू आला. चार दिवस दोघे आमच्या बेसमेंटमध्ये तालीम करत होते. लग्नाच्या दिवशी बँक्वेट हॉलमध्ये गुरुजींनी मामांना मुलीला आणायला सांगितलं आणि नंदू सईचा हात धरून दारात आला. आला आणि थांबला. सगळ्या हॉलकडे एकवार पाहिलं. डोळे मिटले. उघडले. एक पाऊल टाकलं. पुन्हा थांबला. त्याच्या चेहऱ्यावर इतकं गहन दुःख होतं की मुलाकडच्या एका आजींनी शेजारी चौकशी केली, इकडे कुणी गेलं का म्हणून. अंतरपाट धरलेल्या दोघांचे हात भरून आले. गुरुजी घड्याळ बघत होते. सई हसू दाबत होती. मी मागे वळून पाहिलं. अच्युतकाका शेवटून दुसऱ्या रांगेत, अगदी कडेला बसले होते, जिथून कुणाला न उठवता बाहेर पडता येतं. खुर्चीखाली त्यांचे पाय नंदूबरोबर एकेक पाऊल टाकत होते.

दुपारी पाहुण्यांची जेवणं उरकली. घरच्यांची पंगत शेवटी, बाजूच्या खोलीत लागत होती. मी खुर्च्यांचा आकडा जुळवायला हॉलमध्ये आलो. हॉल रिकामा होता. फक्त गौरीहराच्या खोलीच्या दारात अच्युतकाका उभे होते. त्यांनी उजवा हात कोपरात वाकवून थोडा पुढे धरला होता, कुणीतरी धरावा असा. ते चालायला लागले. ती नंदूची चाल नव्हती, कुठल्या जजची किंवा डॉक्टरचीही नव्हती. साधं, म्हाताऱ्या माणसाचं जपून चालणं होतं.

सई मला जेवायला बोलवायला आली होती. ती माझ्या शेजारी उभी राहून बघत राहिली. मग शालू सावरत गेली आणि त्या रिकाम्या हातात तिने आपला हात घातला.

काका दचकले. "अगं, हा सीन कापलाय."

"आय नो," ती म्हणाली. "हळू चला ना. शालू जड आहे."

दोघं मांडवापर्यंत गेली. पाट उचललेले होते, अक्षता तशाच पसरलेल्या होत्या. तिथे पोचल्यावर काका उभेच राहिले. इकडे पाहिलं, तिकडे पाहिलं. शेवटी त्यांनी मला विचारलं, आणि विचारताना ते खरोखरच अडलेले होते.

"मला इथपर्यंतच माहीत आहे रे. यानंतर मामा कुठून बाहेर जातो?"

"तो बाहेर जात नाही, काका," मी म्हणालो. "तो घरच्यांबरोबर जेवायला बसतो."

आत नंदूने आपल्या शेजारची खुर्ची सरकवली आणि, "काकाजी, बसा ना बावा, मठ्ठा गरम होऊन राहिला," म्हणाला. काकांनी खुर्चीची पाठ धरली. मग बसले.